आमदार होता, म्हणून काय झाले?

२०२५ च्या पावसाळ्यात मुंबई उच्च न्यायालयाच्या न्यायमूर्तिपदासाठी आरती साठे यांची शिफारस झाली आणि महाराष्ट्रात गदारोळ उठला. त्या पूर्वी भाजपच्या प्रवक्त्या होत्या. प्रवक्तेपद सोडून त्यांना दीड वर्ष झाले होते. ते पुरेसे आहे की नाही, हा वाद रास्त होता. त्याकडे पुढे येतोच. पण वाद तेवढ्यावर थांबला नाही. ‘पक्षाचा माणूस न्याय कसला देणार?’ हा सरसकट निवाडा त्यातून निघाला आणि पत्रादेवीचा नाका ओलांडून गोव्यात, आमच्या पेडण्या-डिचोलीतही पोचला. मामलेदार कचेरीत तारखेला आलेली माणसेसुद्धा तो बोलू लागली.

पूर्वपक्ष प्रामाणिकपणे मांडायचा तर तो असा: ज्याने एकदा पक्षाचा झेंडा खांद्यावर घेतला, मते मागितली, नेत्याच्या सभेत भाषणे ठोकली, त्याचे मन पुढे कितीही धुतले तरी डाग राहतो. आणि डाग नसला तरी तो आहे असे लोकांना वाटते, तेवढ्यानेच न्यायालयाची पत जाते. यातले दुसरे म्हणणे वजनदार आहे. पहिले मात्र खोटे आहे, आणि ते खोटे ठरवायला गोमंतकीयाने दूर जायची गरज नाही.

१९७७ ची गोवा, दमण व दीव विधानसभा आठवा. तीस आमदार, महाराष्ट्रवादी गोमंतक पक्ष (मगो) १५, काँग्रेस १०, जनता पक्ष ३, अपक्ष २. मुख्यमंत्री शशिकलाताई काकोडकर डिचोलीच्या आमदार. मांद्रेतून मगोचे तरुण वकील रमाकांत खलप निवडून आले होते. आणि कुंकळ्ळीतून जनता पक्षाच्या तीन शिलेदारांपैकी एक, तिशीही न गाठलेले फर्दिन रिबेलो, तेही वकीलच. खलप राजकारणात राहिले. १९९६ मध्ये उत्तर गोव्याचे खासदार झाले आणि देवेगौडांच्या मंत्रिमंडळात कायदा राज्यमंत्री. रिबेलो त्या विधानसभेनंतर आमदार राहिले नाहीत, वकिलीत रमले आणि त्याच १९९६ साली मुंबई उच्च न्यायालयात न्यायमूर्ती झाले. एकाच सभागृहातले दोन वकील, एक कायदा खात्यात, दुसरा न्यायासनावर. योगायोगच, पण आमच्या शाळांतून तो कोणी सांगत नाही. २०१० च्या जूनमध्ये रिबेलो अलाहाबाद उच्च न्यायालयाचे मुख्य न्यायमूर्ती झाले आणि पुढच्या वर्षी जुलैत निवृत्त.

आता या माजी आमदाराने न्यायासनावर बसून काय केले ते पाहू. २००५ मध्ये महाराष्ट्राने मुंबई पोलीस कायद्यात ३३ अ आणि ३३ ब ही कलमे घालून डान्स बार बंद केले. गृहखाते आर. आर. पाटील यांच्याकडे होते. विधिमंडळात त्याला विरोध करायला एकही पक्ष धजला नाही. विधेयक एकमताने मंजूर झाले. १२ एप्रिल २००६ रोजी न्या. रिबेलो आणि न्या. रोशन दळवी यांच्या खंडपीठाने ३३ अ रद्द केले. मर्म सरळ होते: तारांकित हॉटेलात तोच नाच चालतो आणि साध्या बारमध्ये तो अनीतीचा ठरतो, हा भेद राज्यघटनेच्या समतेत बसत नाही, शिवाय त्या बायांचा रोजगाराचा हक्क आहेच. २०१३ च्या जुलैत सर्वोच्च न्यायालयाने हा निकाल कायम केला. आता पूर्वपक्षाला माझा प्रश्न: यात कोणत्या पक्षाची सोय पाहिली गेली? सगळेच पक्ष पलीकडच्या बाजूला होते. मला तर उलटे वाटते. सभागृहात बसलेल्या माणसाला ठाऊक असते की ‘एकमताने मंजूर’ याचा अर्थ पुष्कळदा ‘विरोधात मत द्यायला कोणी धजले नाही’ एवढाच असतो. जो कधी त्या बाकावर बसला नाही, तो एकमताच्या दडपणाखाली येण्याचा संभव जास्त.

दुसरे प्रकरण याहून नाजूक. जेम्स लेन यांच्या शिवाजी महाराजांवरील पुस्तकावर महाराष्ट्र सरकारने २००४ मध्ये बंदी घातली. त्या पुस्तकावरून पुण्याच्या भांडारकर संस्थेवर झालेला हल्ला ताजा होता. त्या पुस्तकातला मजकूर मलाही आवडलेला नाही, पण तो इथे मुद्दा नाही. २००७ च्या एप्रिलमध्ये न्या. रिबेलो, न्या. डागा आणि न्या. कानडे यांच्या तीन सदस्यीय पीठाने बंदीचा आदेश रद्द केला. २०१० मध्ये सर्वोच्च न्यायालयानेही त्यावर शिक्कामोर्तब केले. महाराष्ट्रात या निकालाला टाळ्या वाजवल्या असत्या असा एक पक्ष दाखवा. निवडणूक लढवलेल्या माणसाला टाळ्यांची चटक लागते म्हणतात. इथे ती दिसत नाही.

यावर कोणी म्हणेल, हा एकटा अपवाद. तर मग सर्वोच्च न्यायालयाकडे वळू. के. एस. हेगडे १९५२ ते ५७ काँग्रेसचे राज्यसभा सदस्य होते, तिथून थेट म्हैसूर उच्च न्यायालयात गेले. केशवानंद भारती खटल्यात ते सरकारच्या विरोधात उभे राहिले आणि १९७३ मध्ये काँग्रेसच्याच सरकारने त्यांची ज्येष्ठता डावलली. त्यांनी राजीनामा दिला. व्ही. आर. कृष्ण अय्यर केरळच्या १९५७ च्या नंबूदिरिपाद सरकारात मंत्री होते. २४ जून १९७५ रोजी इंदिरा गांधींची निवडणूक रद्द करणाऱ्या निकालाला बिनशर्त स्थगिती नाकारणारे न्यायमूर्ती तेच. आणि आणीबाणीतल्या, १९७६ च्या जबलपूर खटल्यात, अटकेतल्या माणसाला जीविताचा हक्कही मागता येत नाही असे सांगणाऱ्या चार न्यायमूर्तींपैकी एकही कधी आमदार-खासदार नव्हता. निष्कलंक बायोडाटा असलेली माणसे वाकली ती अशी.

आयर्लंडचा दाखला तर मला फार आवडतो. फाइन गेल पक्षाचे दोन खासदार: टॉम फिनले १९५४ मध्ये निवडून आले, डेक्लन कॉस्टेलो १९५१ मध्ये. कॉस्टेलो हे पंतप्रधानपुत्र, पुढे ॲटर्नी जनरल, १९७७ पासून उच्च न्यायालयात. फिनले १९८५ पासून मुख्य न्यायाधीश. १९९२ मध्ये बलात्कारातून गर्भ राहिलेल्या चौदा वर्षांच्या मुलीचा खटला उभा राहिला. गर्भपातासाठी तिला देशाबाहेर जाण्यास कॉस्टेलोंनी मनाई केली. फिनलेंच्या अध्यक्षतेखालील सर्वोच्च न्यायालयाने ती मनाई उठवली. एकाच पक्षाच्या बाकांवर बसलेले दोन माजी खासदार, देशातल्या सर्वांत पेटलेल्या प्रश्नावर दोन टोकांना. मागचा पक्ष सांगून निकाल सांगता येत असता, तर असे झाले नसते.

खंडन इथवर. आता मंडन, आणि त्यासाठी पुन्हा आमच्या दोन तालुक्यांत यावे लागेल. पेडणे आणि डिचोली नव्या काबिजादीतले, म्हणजे पोर्तुगिजांनी मागाहून जिंकलेल्या मुलखातले. इथला न्याय म्हणजे मुख्यतः जमीन. १९६४ चा कूळ कायदा, १९७५ चा मुंडकार कायदा, १९७६ ची पाचवी दुरुस्ती: हे सगळे पणजीत झाले, पण लढले जाते ते मामलेदारापुढे, एक-चौदाच्या उताऱ्यावर नाव आहे की नाही एवढ्यावर. २०१४ मध्ये सरकारने कुळांचे खटले मामलेदाराकडून दिवाणी न्यायालयात नेणारी दुरुस्ती केली. कागदावर ती प्रगतीच दिसत होती. न्याय शेवटी न्यायाधीशानेच करावा ना! पण शेतकऱ्याला कळले होते की दिवाणी कोर्ट म्हणजे वकिलाची फी, कोर्टाचे हेलपाटे आणि समोर भाटकाराचा, म्हणजे जमीनमालकाचा, तगडा वकील. ओरड झाली आणि पुढे ती दुरुस्ती फिरवावी लागली. मतदारसंघात दारोदार फिरलेल्या माणसाला हे सांगावे लागत नाही. पुस्तकातून आलेल्याला ते कळायला एक पिढी लागते. न्यायासनावर अशी एक-दोन माणसे असणे ही न्यायाची भेसळ नव्हे. माझ्या मते ती उणीव भरून काढणे आहे.

हे सगळे एका अटीवर, आणि इथे पूर्वपक्षाचे दुसरे म्हणणे मला मान्यच करावे लागते. मधे काळ गेला पाहिजे. रिबेलोंची आमदारकी आणि न्यायमूर्तिपद यांत सोळा वर्षांहून अधिक अंतर होते. तेवढ्यात त्यांचा पक्षसुद्धा नावापुरताच उरला होता. साठे यांचे दीड वर्ष मला कमी वाटते. हेगडेंच्या बाबतीत अंतर जवळपास नव्हतेच आणि तरी ते ताठ राहिले हे खरे, पण नियम माणसाच्या कण्यावर अवलंबून ठेवायचा नसतो. किमान दोन निवडणुकांचा काळ जाऊ द्यावा, आणि शिफारस करताना त्या व्यक्तीचा राजकीय इतिहास लपवू नये, छापून टाकावा. लोकांचा संशय लपवाछपवीतून वाढतो.

पण खरा धोका आत येणाऱ्या दारात नाही, बाहेर पडणाऱ्या दारात आहे, आणि त्या दाराकडे कोणाचे लक्ष नाही. बहरुल इस्लाम राज्यसभा सोडून १९७२ मध्ये न्यायाधीश झाले, १९८० च्या अखेरीस सर्वोच्च न्यायालयात गेले, आणि १९८३ च्या जानेवारीत राजीनामा देऊन काँग्रेसच्या तिकिटाकडे वळले. अभिजित गंगोपाध्याय तर कधी राजकारणी नव्हतेच. २०२४ च्या मार्चमध्ये त्यांनी कलकत्ता उच्च न्यायालयाचा राजीनामा दिला, दोन दिवसांत भाजपमध्ये गेले आणि तमलुकचे खासदार झाले. रंजन गोगोई निवृत्तीनंतर चार महिन्यांत राज्यसभेवर नामनियुक्त झाले. ज्याचा पुढचा मुक्काम तिकीटवाटपाच्या यादीत असतो, त्याच्या शेवटच्या वर्षातल्या निकालांकडे लोक कसे पाहतील? मागे पक्ष होता त्याचे निकाल तपासता येतात. पुढे पक्ष आहे त्याचे निकाल लिहिले जात असताना कोणाला काहीच ठाऊक नसते.

आणि घटना या बाबतीत काय म्हणते? कलम १२४(७) प्रमाणे सर्वोच्च न्यायालयाच्या निवृत्त न्यायमूर्तीला देशातल्या कोणत्याही न्यायालयात वकिली करता येत नाही. कलम २२० प्रमाणे उच्च न्यायालयाच्या माजी कायम न्यायमूर्तीला सर्वोच्च न्यायालय आणि इतर उच्च न्यायालये सोडून कुठेही वकील म्हणून उभे राहता येत नाही. म्हणजे मुंबई उच्च न्यायालयाचा असा न्यायमूर्ती पेडण्याच्या एखाद्या कुळाचा खटला पर्वरीच्या खंडपीठापुढे चालवू शकत नाही. पण राजीनाम्याच्या दुसऱ्या दिवशी मांद्रेतून उमेदवारी अर्ज भरायला त्याला कोणाची परवानगी लागत नाही.