गोल मोजले, कसब राहिलं

मैदान । कारधेकर

आय-लीग 2007-08 मध्ये सुरू झाली. तिच्या पहिल्या सहाही हंगामांत सर्वाधिक गोल करणारा खेळाडू नायजेरियाचा होता. पहिली तीन वर्षं ओडाफा ओकोली : 22, 26, 22 गोल. पुढची तीन वर्षं रँटी मार्टिन्स : 30, 32, 26. यातले पाच हंगाम या दोघांनी गोव्याच्या क्लबांकडून गाजवले, ओडाफाने चर्चिल ब्रदर्सकडून आणि रँटीने धेंपोकडून. शेवटच्या वर्षी रँटी कोलकात्याच्या प्रयाग युनायटेडमध्ये होता. देशाच्या तेव्हाच्या पहिल्या क्रमांकाच्या फुटबॉल स्पर्धेवर शेजारच्या गोव्यात राहून दोन माणसांनी असं राज्य केलं, आणि क्रिकेटच्या राखीव फळीतली नावंही तोंडपाठ असलेल्या आपल्या मराठी क्रीडारसिकांना त्यांचा पत्ता नाही.

हा विषय काढला की ठरलेलं उत्तर येतं. परदेशी आघाडीपटूंनी आपल्या पोरांच्या जागा अडवल्या, म्हणून भारताला गोल करणारा मिळत नाही. याच युक्तिवादातून नियमही बदलले. आय-लीगची जागा घेतलेल्या इंडियन सुपर लीगमध्ये 2021-22 पासून एका वेळी मैदानावर पाचऐवजी चारच परदेशी खेळाडू ठेवायचे असं ठरलं. त्यानंतर काय झालं? जून 2024 मध्ये निवृत्त झालेल्या सुनील छेत्रीला मार्च 2025 मध्ये वयाच्या चाळिसाव्या वर्षी राष्ट्रीय संघात परत बोलवावं लागलं. 2027 च्या आशियाई चषकाची पात्रताही आपण गमावली. जागा मोकळी झाली, पण तिथे उभं राहणारा तयार नव्हता.

माझं म्हणणं सरळ आहे. या माणसांनी आपल्या जागा अडवल्या नाहीत. गोल करण्याचं कसब घेऊन ते आपल्या दारात आले होते. आपण त्यांच्याकडून गोल करून घेतले, कसब शिकून घेतलं नाही.

रँटीचीच गोष्ट घ्या. 2004 मध्ये तो धेंपोत आला तेव्हा ऐन तारुण्यात होता. त्याच हंगामात, डिसेंबर महिन्यात, फेडरेशन चषकाच्या अंतिम सामन्यात धेंपोचा ब्राझिलियन आघाडीपटू ख्रिस्तियानो ज्युनियर बंगळूरच्या मैदानावर कोसळला आणि गेला. त्या धक्क्यातून सावरत प्रशिक्षक आर्मांदो कुलासो यांच्या संघाने त्याच हंगामात आय-लीगच्या आधीची राष्ट्रीय लीग जिंकली. पुढे 2006-07, 2007-08, 2009-10 आणि 2011-12 ही विजेतेपदंही धेंपोकडेच आली. 2008 मध्ये हा संघ एएफसी चषकाच्या उपांत्य फेरीपर्यंत गेला. या सगळ्या काळात पुढच्या फळीत रँटी होता. आठ हंगाम, एक क्लब. त्यानंतर कोलकाता, शिलाँग आणि पुन्हा कोलकाता. भारतातल्या लीगमधले त्याचे गोल दोनशेच्या वर गेले. मायदेशात राहून ज्याने कारकीर्द घडवली असती तो माणूस गोव्यात घडला, इथेच मोठा झाला, आणि त्याची कीर्ती गोवा-बंगालच्या पलीकडे फारशी पोचली नाही.

आता हे पाहा. 2009-10 च्या धेंपोत रँटीच्या शेजारी सुनील छेत्री खेळत होता. डावीकडून क्लिफर्ड मिरांडा, मध्यात क्लायमॅक्स लॉरेन्स, मागे महेश गवळी आणि समीर नाईक. यांतला क्लिफर्ड पुढे प्रशिक्षक झाला आणि 2023 मध्ये त्याच्या हाताखाली ओडिशाने सुपर चषक जिंकला. गवळी आणि नाईकही प्रशिक्षणात उतरले. चांगला परदेशी सोबती रोज सरावाला असला की भारतीय खेळाडू खुजा होतो, हे त्या संघाकडे पाहून कुणी म्हणू शकणार नाही. त्या संघात माणसं वर्षानुवर्षं एकत्र राहिली. एकमेकांच्या पायाची सवय झाली. शिकणं तिथे आपोआप घडलं, कारण वेळ दिला गेला. पण हे घडलं एका क्लबमध्ये, एका प्रशिक्षकाच्या चिकाटीने. त्याची व्यवस्था कुणी केली नाही.

दुसरी कारकीर्द बार्थोलोम्यू ओगबेचेची. नायजेरियातल्या ओगोजा गावी जन्मलेला हा मुलगा पोरवयात पॅरिस सेंट-जर्मेनमध्ये गेला. तिथे त्याच्या आगेमागे ओकोचा आणि रोनाल्डिन्होसारखी माणसं होती. 2002 च्या विश्वचषकात सतरा वर्षांचा असताना तो नायजेरियाकडून अर्जेंटिनाविरुद्ध उतरला. इथून पुढे सगळं सरळ वर जाईल असं कुणालाही वाटलं असतं. पण मग फ्रान्समधले छोटे क्लब, अमिरात, स्पेन, ग्रीस, इंग्लंड, नेदरलँड्स. कुठे एक हंगाम, कुठे दोन. आफ्रिकी फुटबॉलपटूचं आयुष्य म्हटलं की आपल्याला जॉर्ज वीआ आठवतो : लायबेरियातून कॅमेरूनमार्गे युरोपात गेलेला, 1995 चा बॅलन डी'ओर मिळवणारा, पुढे देशाचा राष्ट्राध्यक्ष झालेला. वीआ एकच झाला. बाकी हजारोंचं आयुष्य ओगबेचेसारखं असतं. बॅग कायम भरलेली, घर वेगळ्या खंडात, आणि दर उन्हाळ्यात नवा करार मिळेल की नाही याची काळजी.

2018 मध्ये वयाच्या तेहतिसाव्या वर्षी तो भारतात आला. लोक म्हणाले, पोट भरायला आलाय. त्याने सुपर लीगमध्ये नॉर्थईस्टसाठी 12, केरळसाठी 15, मुंबई सिटीसाठी 8 आणि हैदराबादसाठी दोन हंगामांत 28 गोल केले. बेरीज 63. हैदराबादने 2021-22 चं विजेतेपद मिळवलं त्या हंगामात त्याचे एकट्याचे 18 गोल होते.

त्याचं कसब पाहायचं तर 13 मार्च 2021 चा अंतिम सामना काढून बघावा. मडगावचं फातोर्डा मैदान, कोविडमुळे रिकाम्या खुर्च्या, मुंबई सिटी आणि एटीके मोहन बागान 1-1. नव्वदावं मिनिट. मागून एक लांब चेंडू बागानच्या गोलक्षेत्राकडे येतो. गोलरक्षक पुढे सरसावतो, अंदाज चुकतो. ओगबेचे तिथे आहे. छत्तीस वर्षांचा, नव्वद मिनिटांच्या शेवटी. त्या जागी कुठलाही आघाडीपटू स्वतः फटका मारायला जाईल. हा चेंडू ताब्यात घेतो, मान वर करतो आणि बिपिन सिंगकडे सरकवतो. बिपिन गोल करतो, मुंबई पहिल्यांदा विजेती होते. धावफलकावर मणिपूरच्या पोराचं नाव लागतं. गोल झाला तो त्या वर केलेल्या मानेमुळे.

आमच्या कारध्यात दिवाळीनंतर धान कापलं गेलं की बांध्या, म्हणजे धानाची खाचरं, कोरड्या पडतात आणि वैनगंगेच्या बाजूच्या मोकळ्या बांधीत पोरं चेंडू घेऊन उतरतात. क्रिकेटवाले जास्त, फुटबॉलवाले थोडे, पण आहेत. त्यातल्या दोघातिघांना मी एका संध्याकाळी मोबाइलवर ओगबेचेचे गोल दाखवले. एक जण बघत बघत म्हणाला, "काकाजी, हा तर धावतच नाही. मंग गोल कसा मारते?" प्रश्न अगदी नेमका होता. परत परत चित्रफीत थांबवून आम्ही पाहिलं. चेंडू दुसऱ्या टोकाला असताना तो बचावपटूच्या मागे, त्याच्या नजरेआड उभा आहे. दोनदा खांद्यावरून मागे पाहतो. दोन पावलं गोलपासून लांब जातो, बचावपटू त्याच्यासोबत सरकतो, आणि जी जागा उघडी पडते तिथे तो परत येतो. धावणं तीन-चार पावलांचंच, पण योग्य क्षणी. दुसऱ्या दिवशी बांधीत ती पोरं आपसांत "मागं पाहा, मागं पाहा" ओरडत होती.

मोबाइलवरून एका संध्याकाळी इतकं पोचत असेल, तर तो माणूस प्रत्यक्ष समोर असता तर काय झालं असतं? आणि अशी माणसं होती की. मुंबईत होती, गोव्यात होती, वर्षानुवर्षं होती. आम्हा धानवाल्यांच्या भाषेत सांगायचं तर आपल्या क्लबांनी दरवर्षी तयार धान विकत आणून कोठ्या भरल्या, पण रोपांसाठी पऱ्हे टाकले नाहीत. मग रोवणीच्या वेळी हात रिकामे राहणारच.

यात खेळाडूंच्या वाट्याला काय आलं तेही सांगितलं पाहिजे. ज्या क्लबांच्या भरवशावर ही माणसं येत, ते क्लबच टिकत नाहीत. महाराष्ट्रापुरतं बोलायचं तर महिंद्र युनायटेड 2010 मध्ये बंद झाला. घानाचा युसिफ याकुबू आणि ब्राझीलचा बारेटो यांच्यासह याच संघाने 2005-06 ची राष्ट्रीय लीग जिंकली होती. पुणे एफसी 2015 मध्ये गेला, मुंबई एफसी 2017 मध्ये, एफसी पुणे सिटी 2019 मध्ये. गोव्याचे धेंपो, साळगावकर आणि स्पोर्टिंग 2016 मध्ये आय-लीगमधून बाहेर पडले. धेंपो परतायला 2024 उजाडलं. हैदराबादवर थकलेल्या पगारांपायी फिफाने नव्या खेळाडूंच्या नोंदणीची बंदी घातली. जुलै 2025 मध्ये तर सुपर लीगच थांबवून ठेवल्याचं क्लबांना कळवलं गेलं. कारण भारतीय फुटबॉल महासंघ आणि आयोजक कंपनी यांच्यातला पंधरा वर्षांचा करार डिसेंबरात संपणार होता आणि पुढचं काही ठरलं नव्हतं. गावाकडे घर चालवणाऱ्या माणसाच्या पगाराला असा कुलूप-किल्लीचा कारभार परवडत नाही. आमच्या जिल्ह्यातून कामासाठी बाहेर जाणाऱ्या कुठल्याही घरात हे समजावून सांगावं लागणार नाही.

आणि वागणूक? ऑक्टोबर 2013 च्या अखेरीस गोव्यात एका नायजेरियन तरुणाचा खून झाला. त्याच्या देशबांधवांनी महामार्ग अडवला, वातावरण पेटलं आणि राज्यातल्या एका मंत्र्याने नायजेरियन लोकांना कर्करोगाची उपमा दिली. ज्या गोव्याला नायजेरियाच्या दोन आघाडीपटूंनी नुकतीच देशात पहिली जागा मिळवून दिली होती, त्याच गोव्यात हे घडलं. मार्च 2024 मध्ये केरळच्या मलप्पुरम जिल्ह्यात सेव्हन्सच्या (सात-सात खेळाडूंच्या) सामन्यानंतर आयव्हरी कोस्टच्या एका खेळाडूला जमावाने मारलं. रंगावरून शिवीगाळ झाल्याची तक्रार त्याने पोलिसांत केली. गोल केला की डोक्यावर घ्यायचं आणि मैदान सुटलं की रंगावरून हिणवायचं, ही आपली लाज आहे. ती झाकून फुटबॉलच्या विकासाच्या गप्पा मारता येणार नाहीत.

14 डिसेंबर 2025 ला मेस्सी वानखेडेवर आला. राज्य सरकारने त्याच दिवशी तेरा वर्षांखालच्या मुलामुलींसाठी प्रोजेक्ट महादेवा जाहीरपणे पुढे आणला. खेडोपाड्यांतून पोरं निवडायची, त्यांना शिष्यवृत्ती द्यायची, ही कल्पना चांगली आहे आणि तिला माझा मनापासून पाठिंबा आहे. पण मेस्सी त्या मुलांसोबत काही मिनिटं असतो. त्यांना रोज शिकवणारा माणूस लागतो, आणि असा माणूस परवडणाऱ्या खर्चात कुठे मिळतो हे आपल्याला पंचवीस वर्षांपासून माहीत आहे.

म्हणून चार गोष्टी कराव्यात. पहिली, परदेशी खेळाडूच्या करारातच क्लबच्या कनिष्ठ आघाडीपटूंसोबत आठवड्याचे ठरावीक तास लिहावेत आणि त्याचा वेगळा मोबदला द्यावा. दुसरी, जो परदेशी खेळाडू भारतात पाच हंगाम खेळला, त्याला खेळत असतानाच प्रशिक्षकाचा परवाना घेण्याची संधी महासंघाने द्यावी. कोलकाता गाजवलेला चिमा ओकोरी पुढे इथे प्रशिक्षकही झाला. असा अपवाद नियम व्हायला हवा. तिसरी, पगार थकवणाऱ्या क्लबला पुढच्या हंगामाचा परवाना देऊ नये, तो क्लब कितीही मोठा असो. चौथी मागणी आमच्या भागासाठी. राज्याच्या वेस्टर्न इंडिया फुटबॉल असोसिएशनने निवृत्तीला आलेल्या अशा एखाद्या खेळाडूला हिवाळ्याचे तीन महिने नागपूर विभागात आणावं. कामठीला फुटबॉलची जुनी परंपरा आहे. नागपुरात विजय बारसे यांनी झोपडपट्टीतल्या मुलांना घेऊन उभं केलेलं काम 'झुंड' चित्रपटामुळे 2022 मध्ये सगळ्या महाराष्ट्राने पाहिलं. माणसं आहेत, मैदानं आहेत, पोरांची हौस आहे. धान कापल्यानंतरचे दिवस मोकळे आहेत. कमी आहे ती शेवटच्या तीन-चार पावलांचं शिक्षण देणाऱ्याची.

परदेशी खेळाडूंची संख्या चार असावी की तीन, यावर वाद घालण्यात बैठका गेल्या. तो आकडा कमी करून भारतीय आघाडीपटू तयार होत नाहीत, हे चार हंगामांत दिसलं. या वर्षी करार करणाऱ्या प्रत्येक क्लबला एकच प्रश्न विचारला जावा : हा खेळाडू जाताना आमच्या किती पोरांना काय शिकवून जाणार आहे? ज्या क्लबकडे उत्तर नसेल, त्याने त्या खेळाडूच्या गोलांचं श्रेयही घेऊ नये.

– कारधेकर
कारधा, जि. भंडारा