विरळ मिश्रणाचा बिघाड व सेन्सर बदलण्याची घाई

मोटारीच्या पुढील फळीवर इंजिनाचा पिवळा दिवा लागतो. गाडी दुरुस्तीच्या कारखान्यांत जाते. कारागीर तपासणीचें यंत्र लावून 'लीन मिक्श्चर आहे' असें सांगतो, एक सेन्सर बदलतो आणि कांहीं हजारांचें बिल हातीं देतो. पंधरा दिवसांच्या आंत तोच दिवा पुन्हां लागतो. कोलाड, खांब, नागोठणें या पट्ट्यांतील इतक्या शेतकरी बंधूंच्या तोंडून ही एकच हकीकत आम्हीं ऐकली आहे कीं, हा विषय शेतकीच्या मासिकांत अप्रस्तुत आहे असें आम्हांस वाटत नाहीं. ज्याच्या घरीं मोटार आहे त्याचा वाल, कलिंगड व भाजीपाला तिच्यांतूनच रोह्याच्या किंवा पेणच्या बाजारांत जातो. आणि ज्याच्या घरीं मोटार नाहीं त्याच्या पडवींतहि गवत कापण्याचें किंवा कोळपणीचें, पेट्रोलवर चालणारें एखादें यंत्र असतेंच. बिघाडाचें स्वरूप दोहोंकडे एकच आहे.

आमचें म्हणणें असें कीं, 'मिश्रण विरळ आहे' हें निदान नव्हे; ती नुसती तक्रार होय. ताप आला आहे एवढें सांगून वैद्याचें काम संपत नाहीं. कारण सांपडल्याशिवाय एकहि भाग विकत घ्यावयाचा नाहीं, हा आग्रह गाडीच्या धन्यानें धरला पाहिजे, आणि तो धरतां येण्यापुरती माहिती त्याला स्वतःला असली पाहिजे.

शुद्ध पेट्रोल एक किलो पुरतें जळण्यास सुमारें १४.७ किलो हवा लागते. वजनाची भाषा सोडून मापाची घेतली तर एक लिटर पेट्रोलास जवळजवळ नऊ हजार लिटर हवा! हवेचें प्रमाण याहून वाढलें कीं मिश्रण विरळ झालें. पेट्रोलचें वाढलें कीं दाट झालें. विरळ मिश्रण सावकाश व अडखळत पेटतें. गाडी सकाळीं चालू होण्यास त्रास देते, उभ्या गाडीचें इंजिन थरथरतें, पाय दाबतांच क्षणभर गुदमरून मग उचल घेतें, आणि सुकेळी खिंडीच्या चढावर भरलेली गाडी दम टाकते. स्पार्क प्लग काढून पाहिला तर त्याचें टोंक तपकिरी न दिसतां पांढरट दिसतें. याकडे दुर्लक्ष केलें तर भार असतांना सिलिंडरांतील उष्णता वाढते, आंतून ठोके ऐकूं येतात, धूर सोडणारी झडप जळते व एखादे वेळीं पिस्टनास भोंकहि पडतें. मग प्रश्न सेन्सरचा राहत नाहीं, सबंध इंजिन उघडण्याचा होतो.

हवा व पेट्रोल यांचा मेळ घालण्याचें काम पूर्वीं कार्बुरेटर करी. १९८३ सालीं निघालेल्या मारुती ८०० गाडीस तोच होता. धुराचे नियम कडक होत गेले तसा मोटारींतून कार्बुरेटर गेला व पेट्रोल मोजून फवारणारे इंजेक्टर आले. १ एप्रिल २०२० पासून भारत स्टेज ६ चे नियम लागू झाल्यावर नव्या दुचाकींतूनहि तो मागें पडला. इंजेक्टर किती वेळ उघडा ठेवावयाचा हें गाडींतील संगणक ठरवितो. त्याचा हिशेब बरोबर आला कीं चुकला हें कळविण्यासाठीं धुराच्या नळींत ऑक्सिजन सेन्सर बसविलेला असतो. धुरांत प्राणवायु अधिक उरलेला दिसला कीं तो 'विरळ' असें कळवितो व संगणक पेट्रोल वाढवितो. वाढवून वाढवून मर्यादा संपली म्हणजे दिवा लावतो आणि 'पी ०१७१' अशी खूण नोंदवून ठेवतो.

येथेंच बहुतेकांची गफलत होते. हा सेन्सर पेट्रोल मोजीत नाहीं, प्राणवायु मोजतो. धुराच्या नळीचा सांधा सेन्सरच्या अलीकडे फुटला असेल तर बाहेरची हवा आंत ओढली जाते, आणि मिश्रण ठीक असूनहि सेन्सर त्याला विरळ म्हणतो. एखादा प्लग ठिणगी देत नसेल तर त्या सिलिंडरांतील हवा न जळतां तशीच बाहेर येते. पेट्रोल भरपूर पडत असलें तरी सेन्सरचें उत्तर तेंच. तो आपलें काम बहुधा इमानानें करीत असतो. महसूल खात्यांत आमचीं वर्षें गेलीं; आणेवारी कमी लागली म्हणून नोंद करणारा तलाठी बदलल्यानें पीक वाढल्याचें आम्हीं कधीं पाहिलें नाहीं. सेन्सर बिघडतच नाहीं असें नव्हे. परंतु त्याचा क्रम शेवटीं यावा.

मग आरंभ कोठून करावा? पहिला प्रश्न असा : खोड केव्हां दिसते, इंजिन मंद फिरतांना कीं जोरांत असतांना? या एका प्रश्नानें निम्मी वाट सरते. इंजिन मंद फिरत असतांना हवेचें दार जवळजवळ बंद असतें, त्यामुळें त्यापुढील नळ्यांत जोराची ओढ निर्माण होते. अशा वेळीं एखाद्या रबरी नळीला चीर असली तर तिच्यांतून शिरणारी चोरटी हवा एकूण हवेच्या मानानें फार मोठी असते. इंजिन जोरांत आलें कीं तीच चीर नगण्य ठरते. उलट पेट्रोलच कमी पडत असेल, म्हणजे गाळणी चोंदली असेल, टाकींतील पंप थकला असेल किंवा इंजेक्टर तुंबले असतील, तर मंद इंजिनास तेवढें पेट्रोल पुरतें. चढावर मागणी वाढली म्हणजे उणीव उघडी पडते. तपासणीच्या यंत्रावर 'फ्युएल ट्रिम' नांवाचा शेंकडेवारीचा आंकडा दिसतो. संगणक नेहमींच्या हिशेबाहून किती पेट्रोल अधिक घालीत आहे तें त्यावरून कळतें. मंद इंजिनावर तो २० असून २,५०० फेऱ्यांवर ५ च्या आसपास उतरत असेल तर हवेची गळती शोधावी; फेऱ्या व भार वाढतांना तोहि वाढत असेल तर पेट्रोलच्या बाजूस जावें. हा आंकडा दोन वेळां वाचण्यास पांच मिनिटें लागत नाहींत, आणि नेमका तोच वाचण्याचा पुष्कळांस कंटाळा.

एक भेद मात्र ध्यानांत ठेवावा. येणारी हवा वजनानें मोजणारा सेन्सर ज्या गाडींत आहे तेथें ही खूण स्पष्ट मिळते. ज्या गाडींत नळींतील दाबावरून हवा अजमावितात तेथें चोरट्या हवेनें बहुधा इंजिनाच्या मंद फेऱ्याच चढतात, आंकडा फारसा हलत नाहीं. आपली गाडी कोणत्या जातीची तें कारागिरास आधीं विचारावें. त्याला तें सांगतां आलें नाहीं तर त्यावरूनहि कांहीं समजतें. वजन मोजणारा सेन्सर धुळीनें मळला म्हणजे हवा कमी सांगतो व मिश्रण विरळ होतें. त्याकरितां मिळणाऱ्या खास फवाऱ्यानें तो धुवावा, बोट किंवा फडकें लावूं नये.

गळती शोधण्यास डोळे व कान यांहून मोठें साधन लागत नाहीं. हवेच्या गाळणीपासून इंजिनापर्यंतची मोठी नळी गाडी बंद असतांना वांकवून पाहावी. चीर बहुधा घडीच्या आंत लपलेली असते. मग एकेक बारीक रबरी नळी पाहावी. उन्हानें व तेलानें रबर तडकतें हें खरें, परंतु आमच्याकडे उंदीर व घुशी नळ्या कुरतडतात तेंहि थोडें नव्हे. भाताच्या कणगीशेजारीं गाडी उभी करण्याची रीत असल्यावर दुसरें काय होणार? इंजिन मंद चालू ठेवून एकेक रबरी नळी पकडीनें अलगद दाबून धरावी. जी दाबतांच थरथर थांबते ती नळी किंवा तिच्या पलीकडचा भाग दोषी समजावा. सांध्यांवर बारीक फवाऱ्यानें साधें पाणी उडविलें तरी गळतीच्या जागीं क्षणभर इंजिनाचा आवाज बदलतो. विजेच्या जोडण्यांवर मात्र पाणी पडूं देऊं नये. कांहीं कारागीर याच कामीं तापलेल्या इंजिनावर पेट्रोल शिंपडतात. तें आम्हांस मुळींच मान्य नाहीं. गाडी व माणूस दोन्ही जाळण्याची ती तयारी होय.

ब्रेकला साहाय्य देणाऱ्या डब्याकडे जी जाड नळी जाते तिच्याकडे विशेष लक्ष द्यावें. ती फुटली तर मिश्रण विरळ होतेंच, शिवाय ब्रेक कडक होऊन गाडी थांबविण्यास पायाचा फार जोर लावावा लागतो. विळ्यावरून ताम्हिणी घाटानें पुण्यास माल नेणाऱ्यांनीं याचा अर्थ मनांत आणावा. आमच्या परिचयाच्या एका बागाइतदाराच्या गाडीचा सेन्सर दोन वेळां बदलण्यांत आला; अखेर दोष निघाला तो याच नळीचा, आणि नळीची किंमत एका सेन्सरच्या दशांशहि नव्हती. दिव्याकडे पाहून सेन्सर बदलणाऱ्यानें ब्रेक कां कडक लागतो एवढें जरी विचारलें असतें!

पेट्रोलच्या बाजूचें काम घरीं करूं नये. तेथें नळींत सामान्यतः ३ ते ४ बार दाब असतो व तापलेल्या इंजिनाजवळ सांधा उघडणें धोक्याचें आहे. परंतु दाबमापक लावून आंकडा आपल्यासमोर वाचून दाखविण्यास सांगण्याचा हक्क धन्यास आहे. दाब पाहिल्यावांचून पंप बदलणाऱ्याचें ऐकूं नये.

शेतावरील लहान इंजिनांत अजून बहुधा कार्बुरेटरच आहे, व तेथें दिवा लावून सांगणारा संगणक नाहीं. म्हणूनच तेथील नुकसान अधिक. बांध साफ करण्याचें दोन-स्ट्रोक यंत्र घ्या. त्याचें वंगण पेट्रोलांतच मिसळलेलें असतें. पेट्रोल कमी पडलें कीं तेलहि कमी पडलें. उष्णता वाढते त्याच क्षणीं वंगण घटतें, आणि पिस्टन सिलिंडरास चिकटून बसतो. यंत्र नेहमींपेक्षां चढ्या, तीक्ष्ण आवाजांत फिरूं लागलें व ॲक्सिलरेटर सोडला तरी फेऱ्या लवकर उतरेनात, तर 'आज मस्त पळतें आहे' असें समजूं नये. ताबडतोब बंद करावें. चोक अर्धा ओढून काम रेटण्याची जी संवय आहे तिनें दोष फक्त झांकला जातो. पंधरा-वीस मिनिटें चालून बंद पडणाऱ्या यंत्राच्या टाकीचें झांकण सैल करून पाहावें. झांकणाचें बारीक छिद्र मातीनें बुजलें असेल तर टाकींत हवा न शिरल्यामुळें पेट्रोल खालीं उतरत नाहीं. यास एक पैसा खर्च नाहीं. जेट तुंबला तर धुवावा, तार घालून मोठा करूं नये.

यांत आतां पेट्रोलानेंच भर घातली आहे. शेंकडा २० इथेनॉल मिसळलेलें पेट्रोल फेब्रुवारी २०२३ मध्यें विक्रीस आलें व २०२५ सालीं तें देशांतील बहुतेक पंपांवर पोंचलें. इथेनॉलच्या अंगींच प्राणवायु आहे. त्यामुळें या पेट्रोलास पुरतें जळण्यासाठीं १४.७ ऐवजीं सुमारें साडेतेरा किलो हवा पुरते. इंजेक्टरच्या गाडीचा संगणक हा फरक जास्त पेट्रोल घालून भरून काढतो. जुन्या पेट्रोलासाठीं आंखलेल्या चारचाकींत एका लिटरांतील मजल शेंकडा ६ ते ७ घटेल असा अंदाज नीति आयोगाच्या २०२१ च्या आराखड्यांतच दिलेला होता. कार्बुरेटरास यांतलें कांहींच कळत नाहीं. तो जुन्या मापानेंच पेट्रोल देत राहतो व मिश्रण आपोआप विरळ होतें. जुन्या रबरी नळ्या व पडदे इथेनॉलनें फुगतात तें वेगळेंच. घाटावरील ऊंसवाल्या बंधूंस या धोरणानें दोन पैसे अधिक मिळतात, त्याचें आम्हांस वैषम्य नाहीं. परंतु भातवाल्याच्या खांद्यावरील यंत्राचा विचार तें विकणाऱ्यांनीं करावयास हवा होता. नवें यंत्र घेतांना तें या पेट्रोलास योग्य असल्याचें पावतीवर लिहून मागावें. जुन्या यंत्राचें मिश्रण जाणकाराकडून किंचित् दाट करून घ्यावें. येथें पेट्रोल वाढविणें म्हणजे दोष झांकणें नव्हे, कारण उणीव खरोखर तेवढीच आहे. आणि पावसाळ्यांत यंत्र ठेवून द्यावयाचें असेल तर टाकी व कार्बुरेटर रिकामे करावे. इथेनॉल हवेंतील दमटपणा शोषतें, आणि पाण्याचा अंश फार झाला म्हणजे तें पाण्यासह पेट्रोलापासून फुटून तळाशीं बसतें.

हें सर्व प्रत्येकानें एकट्यानें करावें असें आम्ही म्हणत नाहीं. साधें तपासणीचें यंत्र हजार रुपयांच्या आंतबाहेर मिळतें. तें आणि एक चांगला दाबमापक गांवच्या सेवा सहकारी संस्थेनें घेऊन ठेवावा व सभासदांस नाममात्र भाड्यानें द्यावा. डोलवहाळच्या कालव्यांचें पाणी असलेल्या गांवीं भाताचे हंगाम दोन, तेव्हां तेथें यंत्रांचें कामहि दुप्पट. जोडीला एक नोंदवही असावी. तिला चार रकाने पुरेत : गाडी अथवा यंत्र, मंद व जोरांतील आंकडा, कारागिरानें सांगितलेलें कारण, आणि अखेर निघालेलें कारण व झालेला खर्च. ही वही वर्षभर चालली म्हणजे कोणत्या कारखान्यांत गाडी न्यावी हें सभासदांस विचारीत बसावें लागणार नाहीं. मे महिन्याच्या सभेंत कोणी तरी हा ठराव मांडावा, म्हणजे मृग लागण्यापूर्वीं गवत कापण्याचीं यंत्रें तरी तपासून होतील.