दोन तारामती

अकलूजची रिंकू राजगुरू 2016 साली ‘सैराट’मुळे एकाएकी साऱ्या महाराष्ट्राच्या ओळखीची झाली, तेव्हापासून आमच्या माळशिरस तालुक्यातील तरुण पिढीस रजतपटाचे जे वेड लागले ते अद्याप उतरलेले नाही, आणि त्यात वावगे असे काही नाही. मात्र या वेडाबरोबर एक समजूतही रुजून बसली आहे, ती ही की, पडद्यावर दिसणे हीच काय ती कारकीर्द, आणि नट पडद्यामागच्या कामाकडे वळला म्हणजे त्याची सद्दी संपली. वास्तविक या समजुतीचे खंडन आपल्या चित्रपटसृष्टीच्या पहिल्याच नायिकेने करून ठेवले आहे, आणि ती नायिका पुरुष होती.

दादासाहेब फाळके ‘राजा हरिश्चंद्र’ची जुळवाजुळव करीत असता तारामतीच्या भूमिकेसाठी एकही स्त्री राजी होईना, तेव्हा ग्रँट रोडवरील एका उपाहारगृहात दरमहा दहा रुपयांवर राबणाऱ्या अण्णा साळुंके या तरुणाची सडपातळ अंगलट आणि नाजूक हात त्यांच्या नजरेत भरले, आणि पंधरा रुपयांच्या मुशाहिऱ्यावर हा आचारी अयोध्येची राणी झाला. 3 मे 1913 रोजी मुंबईच्या कॉरोनेशन थिएटरात चित्रपट झळकला. पुढे 1917 च्या ‘लंकादहना’त तर राम आणि सीता या दोन्ही भूमिका अण्णांनीच वठविल्या, वेळापूरच्या अर्धनारीनटेश्वरापुढे हात जोडणाऱ्या आम्हा लोकांस त्याचे नवल वाटू नये.

एवढी कीर्ती पदरी असता अण्णांनी छायालेखन पत्करले आणि 1922 मध्ये ‘सत्यनारायण’चे दिग्दर्शनही केले. त्या काळी कॅमेरा हाताने फिरवावा लागे. सेकंदाला दोन फेरे, दर फेऱ्यास आठ चित्रे, असा साधारण शिरस्ता. हात मंदावला तर पडद्यावरची माणसे धावत सुटत, आणि हात घाईला आला तर तीच माणसे रेंगाळू लागत. समोर युद्ध चालो की विलाप, छायालेखकाने चित्त विचलित होऊ न देता दांडा एका लयीत फिरवीत राहावयाचे. ज्या हातांनी अण्णांना राणीपद मिळवून दिले, त्याच हातांनी पुढे त्यांना ही जोखीम पेलली.

दुसरी तारामती दुर्गाबाई खोटे यांची. ‘प्रभात’चा ‘अयोध्येचा राजा’ हा पहिला मराठी बोलपट 1932 चा. सुशिक्षित, प्रतिष्ठित घराण्यातील स्त्रीने त्यात काम करावे ही गोष्टच तेव्हा खळबळजनक होती. पण बाई तेवढ्यावर थांबल्या नाहीत. 1937 मध्ये ‘साथी’ची निर्मिती आणि दिग्दर्शन त्यांनी स्वतः केले, पुढे अनुबोधपट, जाहिरातपट यांच्या निर्मितीचा व्यवसाय उभारला, आणि 1988 मध्ये दूरदर्शनवर घरोघर आवडीने पाहिली गेलेली ‘वागळे की दुनिया’ ही मालिका त्यांच्याच निर्मितिसंस्थेची. अभिनयही मधल्या काळात चालूच होता. ‘मुघल-ए-आझम’मधील त्यांची जोधाबाई कोण विसरेल? पहिल्या तारामतीस शोधून काढणाऱ्या फाळक्यांच्या नावाचा पुरस्कार या दुसऱ्या तारामतीस 1983 सालचा मिळाला.

नटाला भूमिका कोणी तरी द्यावी लागते, आणि वय, रूप व लोकरुची या तिन्ही गोष्टी त्याच्या अखत्यारीबाहेरच्या. उलट ज्याला प्रकाश, भिंग, संकलन आणि हिशेबाची वही कळते, त्याचे पोट दुसऱ्याच्या मर्जीवर अवलंबून राहत नाही. शिवाय कॅमेऱ्यासमोर उभे राहिल्यावर माणूस कशाने अवघडतो आणि कशाने खुलतो, हे जो स्वतः उभा राहिला त्यालाच नेमके ठाऊक असते; म्हणून नटाने पडद्यामागे जाणे ही पदावनती नव्हे, बढतीच होय.

तेव्हा आमच्या तालुक्यातील पालकांस एवढीच विनंती, की मुलाने सिनेमाचे नाव काढताच त्याचा चेहरा न्याहाळत बसू नये. ज्या जागेत ‘प्रभात’चा पुण्यातील स्टुडिओ होता तेथेच आज भारतीय चित्रपट व दूरचित्रवाणी संस्था छायालेखन, संकलन आणि ध्वनिमुद्रण रीतसर शिकवीत आहे; त्या अभ्यासक्रमांची चौकशी आधी करावी, आणि मुंबईचे तिकीट मग काढावे.