साठेखत सगळ्यांना सारखं नसतं

आपल्यापैकी अनेकांच्या घरात स्वतःच्या नावावर जागा घेणारी ही पहिलीच पिढी आहे. अशा घरात पहिला मोठा कागद येतो तो साठेखताचा. मी कोलकात्यात समाजशास्त्रात पीएच.डी. करते. इथे याच कागदाला 'बायनानामा' म्हणतात आणि इसाराला 'बायना'. फाळणीनंतर पूर्व बंगालातून सगळं सोडून आलेल्या नमःशूद्र कुटुंबांची मुलं आज इथे फ्लॅट घेऊ पाहतात, तेव्हा त्यांनाही हाच कागद पहिल्यांदा वाचावा लागतो. दोन्हीकडे गैरसमजही एकच आहे: इसार दिला, सही झाली, म्हणजे घर आपलं झालं.

तसं होत नाही. १८८२ च्या ट्रान्सफर ऑफ प्रॉपर्टी अ‍ॅक्टचं कलम ५४ सांगतं की नुसत्या साठेखताने मालमत्तेत हक्क निर्माण होत नाही. मिळतो तो फक्त खरेदीखत करून मागण्याचा अधिकार. मालक फिरला, तर १९६३ च्या स्पेसिफिक रिलीफ अ‍ॅक्टखाली दिवाणी दावा लावून 'ठरल्याप्रमाणे खरेदीखत करून द्या' असा हुकूम मागावा लागतो.

इथेच खरी मेख आहे. कलम १६ प्रमाणे घेणाऱ्याला सिद्ध करावं लागतं की आपला वाटा पुरा करायला तो पहिल्यापासून शेवटपर्यंत तयार होता आणि त्याची तशी इच्छाही होती. हा नियम पक्का झाला तो मुंबईतल्या अर्देशिर मामा विरुद्ध फ्लोरा ससून या खटल्यात, प्रिव्ही कौन्सिलच्या १९२८ च्या निकालाने. त्याच वर्षी बाबासाहेब मुंबई कायदेमंडळात महार वतनाच्या जोखडातून सुटकेसाठी विधेयक मांडत होते. म्हणजे जमिनीच्या सौद्यांचे नियम ठरत होते, तेव्हा आपली माणसं जमिनीसोबत आलेल्या वेठबिगारीतून सुटायला धडपडत होती.

तयारी दाखवायची म्हणजे काय? रोकड कोर्टात नेऊन ठेवावी लागत नाही, पण पैसे उभे करण्याची ऐपत दाखवावी लागते. बँकेचं पासबुक, मंजूर कर्जाचं पत्र, वेळेत पाठवलेली नोटीस. आपल्या घरात पैसा कसा उभा राहतो? थोडा भिशीतून, थोडा वडिलांच्या प्रॉव्हिडंट फंडातून, आईचे दागिने मोडून, मामाकडून हातउसने घेऊन. तयारी शंभर टक्के खरी असते, पण तिचा कागद नसतो. ज्यांच्याकडे वाडवडिलांची संपत्ती आहे, त्यांच्याकडे कागदही असतो. कायदा जात विचारत नाही, पुरावा विचारतो. आणि आपल्याकडे पुरावा जातीप्रमाणेच वाटला गेला आहे.

दुसरा प्रश्न वेळेचा. मुंबईतल्या एका फ्लॅटचा करार १९६६ मध्ये साठ हजार रुपयांना झाला. निर्मला आनंद विरुद्ध अ‍ॅडव्हेंट कॉर्पोरेशन या खटल्यात सुप्रीम कोर्टाचा अंतिम निकाल आला २००२ मध्ये. घेणारीच्या बाजूने लागला, पण चाळीस लाख जास्तीचे भरण्याच्या अटीवर. छत्तीस वर्षं टिकून एवढी रक्कम काढू शकणारी किती घरं आपल्यात आहेत?

२०१८ च्या दुरुस्तीने असा हुकूम देणं न्यायाधीशाच्या मर्जीवर ठेवलं नाही. आडनाव कळल्यावर टाळाटाळ करणाऱ्या मालकाविरुद्ध हे उपयोगी आहे. पण त्याच दुरुस्तीने एक दार बंद केलं. जुन्या कलम २० खाली, करार पुरा केल्याने विकणाऱ्यावर आधी न दिसलेली हलाखी ओढवणार असेल, तर कोर्ट हुकूम नाकारू शकत होतं. दवाखान्यासाठी किंवा लग्नासाठी पडत्या भावात साठेखत करून देणाऱ्या आपल्या माणसाला तेवढाच आधार होता. फसवणूक सिद्ध झाली तर बचाव आजही आहे. पण हलाखी म्हणजे फसवणूक नव्हे. विषम माणसांमधल्या करारात कोर्टाला हलाखी बघता आली पाहिजे आणि तयारी तपासताना भिशी-हातउसन्याच्या पैशालाही वजन मिळालं पाहिजे, असं माझं मत आहे.

कायदा बदलेपर्यंत घरातला शिकलेला माणूस म्हणून आपलं काम ठरलेलं आहे. इसार चेकनेच द्या. साठेखत नोंदवा, त्यात खरेदीखताची तारीख घाला. तारखेआधी लेखी कळवा की पैसे तयार आहेत. मालक फिरला तर दाव्याची मुदत तीन वर्षं: ठरलेल्या तारखेपासून, तारीख नसेल तर नकार कळल्यापासून. दाव्यात इसार परत मिळण्याची मागणीही लिहा. मागितल्याशिवाय कोर्ट ती देत नाही. वकील परवडत नसेल तर १९८७ च्या लीगल सर्व्हिसेस अथॉरिटीज अ‍ॅक्टचं कलम १२ वाचा. अनुसूचित जाती-जमातींना आणि सर्व स्त्रियांना उत्पन्न न बघता मोफत वकील मागता येतो. ही मेहेरबानी नाही, हक्क आहे.