मुक्या माळ्याभोवतीची बडबड

जेफ बेना यांचा ‘द लिटल अवर्स’ (2017) पोस्टरवर पाहिला तर निव्वळ नावांच्या जोरावर उभा वाटतो. ऑब्री प्लाझा, ॲलिसन ब्री, केट मिकूची, मॉली शॅनन, जॉन सी. रायली, फ्रेड आर्मिसन, निक ऑफरमन अशी अमेरिकी विनोदात मुरलेली मंडळी यात आहेत. काळ 1347 चा, स्थळ इटलीतल्या गार्फान्यानाचा मठ, अंगावर ननचा वेश आणि तोंडात आजच्या अमेरिकी रस्त्यावरच्या शिव्या. एवढ्या भांडवलावर पहिली दहा मिनिटे हशा मिळतो. दीड तास तग धरायला मात्र पात्रयोजनेत काही हिशेब लागतो, आणि तो हिशेब आपल्या व्यवसायातल्या सगळ्यांनी, विशेषतः दिग्दर्शकांनी, तपासण्यासारखा आहे.

या चित्रपटाला संवाद लिहिलेली संहिता नव्हती. बेना यांनी प्रसंगांचा आराखडा दिला आणि बोलणे नटांवर सोडले. सगळेच तोंडाळ, सगळ्यांनाच ॲडिशन घेण्याची मुभा. अशा कंपूत कोणी कोणाचे ऐकत नाही, हा नाटकवाल्यांचा नेहमीचा अनुभव. बेना यांनी यावर काढलेला तोडगा, चित्रपट ज्यावर बेतला आहे त्या बोकाच्चोच्या ‘डेकॅमेरॉन’मध्येच होता. तिथल्या तिसऱ्या दिवसाच्या पहिल्या कथेतला मासेत्तो मुका-बहिरा असल्याचे सोंग घेऊन मठात माळी म्हणून शिरतो. म्हणजे ज्या चित्रपटात शब्द हेच प्रत्येकाचे हत्यार, त्याच्या मध्यावर मासेत्तो म्हणून असलेल्या डेव्ह फ्रँकोकडून बराच वेळ शब्दच काढून घेतले आहेत. त्याला फक्त ऐकता येते, आणि तेही न ऐकल्यासारखे. मग त्याच्यासमोर प्रत्येकीला स्वतःचे गाऱ्हाणे स्वतःच पूर्ण करावे लागते. ब्रीची आलेस्सांद्रा वडिलांच्या भरवशावर लग्नाची वाट पाहते आहे, मिकूचीची जिनेव्रा चहाडखोर आहे, प्लाझाची फर्नांदा गाढव पळाल्याची सबब सांगून मठाबाहेर हिंडते. तिघींची चीड एकाच कोंडीतून आलेली, पण एकीचा सूर दुसरीसारखा नाही. समूहाभिनय जमतो तो या फरकामुळे. तिघींना एकाच प्रकारचा वात्रटपणा दिला असता तर तीन नट्या आणि एकच पात्र असा प्रकार झाला असता.

आर्मिसनचा बिशप या दृष्टीने पुन्हा पाहावा. मठातल्या भानगडींचे सगळे प्रकरण त्याच्यासमोर येते आणि तो पापांची जंत्री वाचत जातो. तो ओरडत नाही, डोळे वटारत नाही. वर्षानुवर्षे दप्तर सांभाळलेल्या अधिकाऱ्याला एखादी नोंद कोणत्या रकान्यात घालावी हे कळेना, तशी त्याची अडचण दिसते. हशा येतो तो त्या वैतागाला. समोरच्या नट्याही इथे एकही जागा लुबाडत नाहीत; खालमानेने उभ्या राहतात. तालमीत हा प्रसंग दाखवायला हरकत नाही.

यावर पहिला आक्षेप भाषेचा. मध्ययुगीन वेशात आजच्या शिव्या म्हणजे स्वस्तातला विनोद, असे म्हटले जाते. तो खरा ठरला असता, जर वेश, वास्तू आणि व्यवहारही तितकेच सैल असते. पण चित्रण टस्कनीत झाले आहे, मठाचा खर्च भरतकाम विकून आणि देणग्यांवर चालतो, आलेस्सांद्राचे लग्न पैशावर अडते. हे सगळे काळाला धरून आहे; सूट फक्त जिभेला. शिवाय बोकाच्चोने तरी ‘डेकॅमेरॉन’ लॅटिन सोडून लोकांच्या बोलीतच लिहिले होते.

दुसरा आक्षेप श्रद्धेचा. अमेरिकेतल्या ‘कॅथलिक लीग’ने चित्रपटाला कचरा म्हटले, आणि निर्मात्यांनी तेच शब्द जाहिरातीत वापरले. जाहिरातीचा हा चटपटीतपणा बाजूला ठेवू. मुद्दा जुना आहे. ‘डेकॅमेरॉन’ 1559 मध्ये चर्चच्या निषिद्ध ग्रंथांच्या यादीत गेले. 1573 मध्ये फ्लॉरेन्समध्ये शुद्ध केलेली आवृत्ती निघाली, तेव्हा शृंगार बराचसा तसाच राहिला आणि पापी धर्मगुरूंच्या जागी सामान्य माणसे आली. बोचत होता तो झगा. बेना यांची पात्रयोजनाही झग्यातल्या माणसालाच पुढे आणते, आणि रायली-शॅनन यांचा पाद्री व मठप्रमुख यांच्यातला चोरटा जिव्हाळा तर चक्क हळुवार आहे. ही थट्टा तुच्छतेची नाही.

तिसरा आक्षेप मात्र मान्य करावा लागतो. रानातल्या चेटकिणींचा भाग आला की माणसे वाढतात, ऐकणारा कोणी उरत नाही आणि चित्रपट स्किटच्या माळेसारखा सुटतो. जेमिमा कर्कच्या वाट्याला तर पात्रापेक्षा निमित्तच आले आहे. मित्रमंडळींना घेऊन काम करण्याचा हा तोटा, असे कोणी म्हणेल. प्लाझा, रायली, शॅनन ही मंडळी बेना यांच्या ‘लाइफ आफ्टर बेथ’मध्येही (2014) होती. पण त्या ओळखीमुळेच आधीचा तासभर कोणी कोणावर कुरघोडी करत नाही. दोष ओळखीचा नाही, आराखडा तिथे पातळ झाल्याचा आहे.

आपल्याकडे हे नवे नाही. वसंत सबनीसांच्या ‘विच्छा माझी पुरी करा’मध्ये दादा कोंडके ताज्या घडामोडींवर भर घालत, ती वगाची चौकट पक्की होती म्हणून. हल्ली मात्र तगडी स्टारकास्ट जमवायची आणि बाकी सेटवर बघू, असे सर्रास चालते. संवाद न लिहिता, केवळ प्रसंगांच्या आराखड्यावर तालीम केलेल्या दिग्दर्शकांनी तो आराखडा आमच्याकडे पाठवावा. फसलेलाही चालेल, पुढच्या अंकांत त्यावर सविस्तर चर्चा करू.