झाकली पोथी सव्वा लाखाची

(एक विद्यार्थिनी, द्वितीय वर्ष, कला)

‘झाकली मूठ सव्वा लाखाची’ ही म्हण आपण सर्वांनीच शाळेत वाक्यात उपयोग करून लिहिलेली आहे. आमच्या मुठा गावाकडे ‘मूठ’ ह्या शब्दाला आणखी एक अर्थ आहे. कोणी कोणावर करणी केली, की ‘मूठ मारली’ असे म्हणतात. (गावाच्या नावाशी ह्याचा काही संबंध नाही, हे पुण्याच्या मैत्रिणींनी कृपया ध्यानात घ्यावे!) ह्या दोन्ही मुठींचे बळ त्या झाकलेल्या असण्यातच असते, असे माझे मत आहे. गुप्त ग्रंथांचीही तीच गोष्ट.

रहस्यकथांतून एखादे गुप्त मंडळ असते, त्याच्याजवळ मंत्रविद्येचा एक प्राचीन ग्रंथ असतो आणि तो ज्याच्या हाती पडेल तो जगाचा स्वामी होतो. हे वाचून आपण हसतो. परंतु आमच्या शेजारच्या एका वाडीवर एक देवरुषी होते, त्यांच्या देव्हाऱ्यात तांबड्या फडक्यात बांधलेली एक पोथी असे. ते फडके सोडलेले मी कधी पाहिले नाही. पोथीकडे हात करायचा आणि अंगारा द्यायचा, एवढाच तिचा उपयोग. बायकांनी तिला शिवायचे नाही, ‘अडचणीच्या’ दिवसांत तर त्या अंगणातही पाय टाकायचा नाही, असा दंडक. माझ्या चुलतीला कावीळ झाली तेव्हा आमच्या घरचे त्या पोथीच्या भरवशावर दोन दिवस थांबले. भातलावणीचे दिवस होते, जीप करायची म्हणजे पैशाचाही प्रश्न होता. तिसऱ्या दिवशी ती अंथरुणातून उठेना, तेव्हा तिला दवाखान्यात नेले. ती वाचली. पोथीवरचा विश्वासही वाचला, कारण गुण कशाने आला हे आमच्याकडे कोणी कोणाला विचारले नाही.

मंत्रतंत्राचे पुस्तक म्हणजे गुप्तच असते, असे मात्र नाही. मालू कवीचा ‘नवनाथ भक्तिसार’ शके १७४१ मध्ये, म्हणजे इ. स. १८१९ साली पुरा झाला. त्याच्या चाळीस अध्यायांत शाबरी विद्या आहे, नाना प्रकारची अस्त्रे आहेत, आणि कोणता अध्याय वाचला असता कोणते फळ मिळते हेही शेवटी सांगितले आहे. तो अप्पा बळवंत चौकात कोणालाही विकत मिळतो. आजीला अक्षरओळख नाही, तरी श्रावणात ती तो भक्तीने ऐकते. पण त्या पोथीला घाबरणारा माणूस मला अजून भेटलेला नाही. भीती वाटते ती फडक्यातल्या पोथीची.

ह्या वर्षी मराठीच्या तासाला महानुभाव पंथाचा अभ्यास करताना हे सर्व मला फार आठवले. एका संपूर्ण पंथाने आपले ग्रंथ शेकडो वर्षे झाकून ठेवल्याचे महाराष्ट्रातले सर्वांत मोठे उदाहरण तेच असावे. श्रीचक्रधरांच्या आठवणी ज्यांनी ज्यांनी पाहिल्या-ऐकल्या होत्या त्यांच्याकडून म्हाइंभटांनी गोळा केल्या आणि तेराव्या शतकाच्या शेवटच्या चतुर्थकात रिद्धपूर येथे ‘लीळाचरित्र’ सिद्ध झाले. पुढे हे ग्रंथ परक्यांच्या हाती पडू नयेत म्हणून पंथीयांनी सकळ, सुंदरी अशा सांकेतिक लिपी योजल्या. एका अक्षराच्या जागी दुसरे अक्षर लिहायचे; किल्ली ज्याला ठाऊक त्यालाच वाचता यावे. बाहेरच्यांनी मग नाना तर्क केले. ज्यांच्या पोथ्या वाचता येत नाहीत ते लोक काहीतरी काळेबेरे करीत असणार, असा समज झाला. ‘मानभावी’ हा शब्द आपण आजही लबाड माणसासाठी सहज वापरतो. तो ह्याच पंथाच्या नावावरून आलेला आहे.

विसाव्या शतकाच्या आरंभी इतिहासाचार्य वि. का. राजवाडे यांनी सकळ लिपीची उकल केली. मग पोथीतून काय निघाले? जादू नव्हे, मूठ नव्हे. एक माणूस गावोगाव हिंडतो, झाडाखाली बसतो, कोणाच्या घरी जेवतो, शिष्यांच्या शंकांना उत्तरे देतो, ते सारे साध्या बोलत्या मराठीत. मराठीतले आद्य गद्य त्या कुलपात होते. आणि (हे वाचून मी पुस्तक मिटून काही वेळ नुसती बसून राहिले) त्यात स्त्रियांचा विटाळ चक्रधरांनी मानलेला नाही. नाकातून शेंबूड यावा तसाच तोही देहाचा एक धर्म, असे त्यांचे म्हणणे. आमच्या वाडीवरची पोथी मला ज्या कारणाने शिवू देत नव्हते, ते कारण सातशे वर्षांपूर्वीच एका पोथीने खोडून काढले होते. पण ती पोथीही झाकलेलीच होती!

महानुभावांना मी दोष देत नाही. त्यांनी ग्रंथ जपले ते विटंबनेच्या भयाने. कोणाला धाक घालण्यासाठी किंवा अंगारा विकण्यासाठी नव्हे. उलट, ग्रंथरचना संस्कृतात न करता मराठीतच करावी, नाहीतर म्हाताऱ्या बायाबापड्या ज्ञानाला मुकतील, असा नागदेवाचार्यांचा आग्रह होता. डॉ. वि. भि. कोलते यांनी संपादिलेले लीळाचरित्र १९७८ साली शासनाच्या साहित्य संस्कृती मंडळाने प्रसिद्ध केले, तेव्हा त्यातील काही लीळांवर पंथातील मंडळींनी आक्षेप घेतला आणि प्रकरण न्यायालयात गेले. ज्यांच्यासाठी तो ग्रंथ देवासमान आहे त्यांना दुखणे साहजिक आहे. तरीही माझा कौल छापण्याच्या बाजूने आहे. ते छापले गेले नसते, तर मुठ्याच्या मुलीपर्यंत ते पोहोचले नसते.

डॉ. नरेंद्र दाभोलकर यांचा २० ऑगस्ट २०१३ रोजी आपल्याच पुण्यात खून झाला, आणि त्यानंतर त्याच वर्षी राज्यात जादूटोणाविरोधी कायदा झाला. तो हवाच होता. पण कायदा फसवणाऱ्याला पकडतो. फसणाऱ्याच्या हाती पुस्तक देण्याचे काम त्याचे नव्हे, ते आपले आहे.

म्हणून आता घरचीच गोष्ट बोलते. गुरुजनांनी राग मानू नये. आमच्या घरात महाविद्यालयाची पायरी चढलेली मी पहिलीच. मला इथली कुलूपबंद कपाटे पाहिली की ते तांबडे फडके आठवते. चिठ्ठीवर नाव लिहून द्यायचे, मग शिपाईमामा पुस्तक आणून देणार. पण ज्याच्या घरात कधी पुस्तकच नव्हते त्याने नाव कोणते लिहावे? काचेतून पाठी दिसतात तेवढ्याच. वर्गातही कधी कधी समीक्षेची अशी काही परिभाषा कानी पडते, की तीही सकळ लिपीच वाटते आणि तिची किल्ली पुढच्या दोन बाकांनाच दिलेली असावी असा संशय येतो. पुस्तके हरवतात, फाटतात, ही ग्रंथपालांची अडचण खरी आहे. तेव्हा निदान शनिवारी दुपारी दोन तास कपाटे उघडी ठेवावीत. पुस्तके पुन्हा क्रमाने लावून देण्याचे काम आम्ही सहा-सात मुली करू. आमची गाडी साडेपाचची आहे. तोपर्यंत आम्ही मोकळ्याच असतो.