वेग नको, वेळापत्रक द्या

आपल्याकडे बोटीची बातमी नेहमी वेगापासून सुरू होते. २०२५च्या गणपतीआधी मुंबई-कोकण रो-रो सेवेची घोषणा झाली. पंचवीस नॉट, दक्षिण आशियातली सर्वांत वेगवान, जयगड तीन तासांत, विजयदुर्ग पाच तासांत. गणपती आले, गेले. चाकरमानी नेहमीसारखे रेल्वेने आणि महामार्गानेच गावी पोचले.

मी हिंगोली जिल्ह्यातल्या पुसेगावचा. समुद्र आमच्यापासून शेकडो किलोमीटर लांब. तरी बोलतो, कारण जेटी आणि गाळउपसा सरकारी पैशातून होतो, आणि त्या पैशात पुसेगावचाही कर असतो. शिवाय सॉफ्टवेअरच्या धंद्यात एक गोष्ट रोज दिसते. डेमोत सिस्टीम किती पळाली हे ग्राहक दुसऱ्या दिवशी विसरतो. ती किती वेळा बंद पडली हे मात्र वर्षभर लक्षात ठेवतो.

बोटींचा इतिहास हेच सांगतो. १९९०च्या दशकात दमानियांची कॅटामरान मुंबईहून सात-आठ तासांत गोव्याला पोचायची. कौतुक खूप झालं, पण पावसाळ्यात ती बंद असे. १९९८ साली कोकण रेल्वे पूर्ण मार्गावर धावू लागली. रेल्वे राहिली, कॅटामरान राहिली नाही. गेटवेहून मांडव्याला जाणाऱ्या कॅटामरान आजही पावसाळ्यात जवळजवळ तीन महिने उभ्या असतात. त्या काळात मांडव्याला कोण जातं? १५ मार्च २०२० रोजी सुरू झालेली, ग्रीसमध्ये बांधलेली, गाड्या पोटात घेऊन तासाभरात पोचणारी जड रो-पॅक्स. हवामान फारच बिघडलं तर तिच्याही फेऱ्या रद्द होतात, पण पावसाळा आला म्हणून ती चार महिने सुट्टीवर जात नाही. दाभोळ-धोपावेची फेरीबोट तर त्याहून संथ. २००३पासून ती वाशिष्ठीच्या खाडीत ये-जा करते आहे. तिला कुणी वेगवान म्हणत नाही, लोक फक्त तिने जातात.

वेग फुकट मिळत नाही. त्याच बोटीचा वेग दीडपट करायचा तर इंजिनाची शक्ती ढोबळमानाने तिपटीहून जास्त लागते, आणि तेवढंच अंतर कापायला इंधन दुपटीहून जास्त जळतं. ते तिकिटात येतं, नाहीतर अनुदानात. कॅनडातल्या ब्रिटिश कोलंबियाने सदतीस नॉटच्या तीन कॅटामरान बांधल्या. खर्च २१ कोटी डॉलरवरून ४५ कोटींवर गेला. त्यांच्या लाटांनी किनाऱ्यावरचे धक्के खराब होऊ लागले, म्हणून वेग कमी करावा लागला. वेगासाठी बांधलेल्या बोटी हळू चालवल्या, आणि २००३मध्ये तिन्ही मिळून दोन कोटी डॉलरही आले नाहीत.

कुणी म्हणेल, हळू बोटीने कोकणात कोण जाणार, वेग तर हवाच. लांब पल्ल्याला थोडा हवा, मान्य. पण प्रवास बोटीत सुरू होत नाही आणि बोटीत संपत नाही. भाऊच्या धक्क्यापर्यंतची वाहतूक, गाडी चढवण्याची रांग, उतरल्यावर गावापर्यंतचा रस्ता, यांत नॉटांनी वाचवलेला तास सहज जातो. आणि बंदरात पाणीच उथळ असेल तर वेगाचं काय करणार? घोघा-दहेज सेवेचं उद्घाटन ऑक्टोबर २०१७मध्ये खुद्द पंतप्रधानांनी केलं. गाळापुढे ती दोन वर्षंही नीट टिकली नाही. पुढे २०२०मध्ये घोघ्याहून हजिऱ्याला जाणारी सेवा सुरू करावी लागली.

म्हणून पुढच्या घोषणेच्या वेळी मंत्र्यांना नॉट विचारू नका. तीन आकडे मागा. वर्षात ठरलेल्या किती फेऱ्या खरंच सुटल्या? गाळउपशावर दरवर्षी किती खर्च होणार आणि तो कोण देणार? घरापासून घरापर्यंत, गाडीसकट, माणशी किती तास आणि किती रुपये? हे आकडे दर महिन्याला धक्क्यावरच्या फळ्यावर लागले, तर बोट संथ असली तरी लोक तिच्यावर विसंबून घरातून निघतील.